अपीलदार गैरहजर

शेणवा,
सोमवार, १९ ऑगस्ट २०२४

मीनास,

कमळाबाईचा आशीर्वाद. घ्यायचा की नाय ते तुझं तू ठरव.

माझं अक्षर बघून तू कागद फाडशील, हे मला माहीत आहे. एका घरात आपण दोघी जावा, अठरा वर्षं एका चुलीवर रांधलं, आणि दावा लागल्यापासून नऊ वर्षांत फक्त कोर्टाच्या व्हरांड्यात एकमेकींना बघितलं, तेही तोंड फिरवून. पण फाडायच्या आधी एवढं वाच.

गेल्या बुधवारी, चौदा तारखेला, तुझं कल्याणचं अपील काढून टाकलं. तू नव्हतीस, तुझे वकील नव्हते. त्याच्या आधीच्या दोन तारखांनाही तुमच्याकडून कोण आलं नव्हतं. जजसाहेबांनी लिहायला सांगितलं, अपीलदार गैरहजर, अपील चालवत नाही, म्हणून रद्द. तू हरलीस असं नाय गो. तुझं कोणी ऐकलंच नाय.

बाहेर आल्यावर आमचे वकील माझ्या सुयोगला सांगत होते, तीस दिवस गप्प बसा. तेवढ्यात बाईने कारण सांगून अर्ज केला तर कोर्ट अपील परत उभं करतं. नंतर केला तर आधी उशीर का झाला ते सांगत बसावं लागतं. तीस दिवस म्हणजे तेरा सप्टेंबर. मी मागे उभी राहून ऐकलं.

ओढ्याकडचं शेत विकायचं सुयोगने ठरवलंय. खर्डीचा एक माणूस तिथे बंगले बांधतो म्हणतो. अपील होतं म्हणून तो थांबला होता. आता दिवाळीच्या आत खरेदीखत करू म्हणतात. एकदा दुसऱ्याच्या नावावर गेलं की तुझा अर्धा वाटा कोणाकडे मागशील?

फोन नाय केला, कारण तू उचलला नसतास, आणि माझा फोन सुयोग बघतो. पत्र लिहायचं तर इथेच लिही. तो सकाळीच वाशिंदला कंपनीत जातो. पोस्टमन दुपारी येतो तेव्हा घरात मी आणि सूनबाई दोघीच असतो.

कमळाबाई


मुरबाड,
सोमवार, २६ ऑगस्ट २०२४

श्रीमती कमळाबाई महादू वेखंडे यांस,

तुमचं पत्र मिळालं. फाडलं नाही. माझ्या अंगणवाडीच्या कपाटात ठेवलं आहे.

ह्यांच्या तेराव्यानंतर दुसऱ्या दिवशी तुमच्या घरच्यांनी मला जीपमध्ये घालून शहापूरला नेलं होतं. कुंडलिकच्या जागी माझं नाव लावायचं आहे, वारसनोंदीचा कागद आहे, असं सांगितलं. मी सही केली, अंगठा दिला, फोटो काढू दिला. दोन वर्षांनी तलाठ्याकडे सातबारा मागितला तेव्हा कळलं, ते हक्कसोडपत्र होतं. मी माझ्या हाताने नवऱ्याचा अर्धा वाटा दिराला सोडून दिला होता. शहापूरच्या कोर्टात मला ते शाबित करता आलं नाही, कारण कागदावर सही माझी होती आणि माझ्या बाजूने बोलायला माणूस नव्हता. तेव्हापासून शेणव्याहून आलेल्या कागदाला मी घाबरते. तुमच्या पत्रालाही घाबरले.

अपील गेलं हे खरं असेल तर माझ्या वकिलांनी सांगितलं असतं. फेब्रुवारीत ते म्हणाले होते, तारीख लागली की मी कळवीन, उगाच खेपा घालू नका. आता त्यांचा फोन बंद लागतो. कदाचित नंबर बदलला असेल. तुम्ही मला घाई करायला लावून काय लिहून घ्यायच्या विचारात आहात? आता माझ्याकडे सोडून द्यायला काही उरलेलं नाही.

आणि ऑगस्टमध्ये मी कुठे होते, कशात होते, हे तुम्हांला माहीत नाही. ते तुम्हांला सांगण्यासारखं नाही.

मीना कुंडलिक वेखंडे


शेणवा,
शुक्रवार, ३० ऑगस्ट २०२४

मीना,

तू कुठे होतीस ते मला माहीत आहे.

किन्हवलीच्या बाजारात तुझी भावजय भेटली होती, ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात. तिने मला बघून वाट बदलली नाय, उलट हात धरून रडली. तुझी कुणाली बाळंतपणाला कल्याणच्या दवाखान्यात आहे, पोर दोन दिवस जगलं आणि गेलं, कुणालीला अजून शुद्ध नाय, मीना वॉर्डाच्या बाहेर बाकड्यावर बसून असते, हे सगळं तिने सांगितलं. घरी येऊन मी सुयोगला सांगितलं. तोही थोडा वेळ जेवायचा थांबला. लहानपणी कुणालीला खांद्यावर बसवून त्यानेच ओढ्यावर नेलंय.

मग चौदा तारीख आली. मला नेतात, कारण हे गेल्यापासून सुयोगबरोबर माझंही नाव लागलंय. शिपायाने दाराशी जाऊन तुझं नाव पुकारलं. मीना कुंडलिक वेखंडे. असं तीन वेळा. कोण आलं नाय. जजसाहेबांनी आमच्या वकिलांना विचारलं, ही बाई तीन तारखा येत नाही, वकीलही नाही, काही कल्पना आहे का? आमचे वकील म्हणाले, काही कल्पना नाही साहेब. त्यांना खरंच नव्हती. मला होती. सुयोगला होती. त्याने वळून माझ्याकडे बघितलं. मी पदर सारखा केला आणि खाली बघितलं.

तो दवाखाना कोर्टापासून रिक्षाने दहा मिनिटं आहे, मीना. मी उठून एवढंच बोलायचं होतं, साहेब, तिची पोर दवाखान्यात आहे. तेवढं बोलायला शिक्षण लागत नाय, वकील लागत नाय. मी बोलले नाय.

घरी येताना सुयोगने वडापाव घेतला सगळ्यांना. माझा मी पिशवीत ठेवला. पाच दिवस मी गप्प राहिले. मग तुला पत्र टाकलं.

सोबत कुठला कागद नाय. सही मागत नाय. माझ्यावर विश्वास ठेवू नको. तू स्वतः कल्याणला जा आणि कोर्टात विचार.

कमळाबाई


मुरबाड,
गुरुवार, ५ सप्टेंबर २०२४

जाऊबाई,

सोमवारी तुमचं पत्र हातात पडलं आणि मंगळवारी मी कल्याणला गेले. खरं आहे. हुकूम पाहिला. चार ओळींचा आहे. पाच वर्षं अपील चाललं आणि चार ओळींत गेलं.

तिथून वकिलांच्या घरी गेले. त्यांना मार्चमध्ये अर्धांगवायू झाला. तोंडातून शब्द फुटत नाही. मला ओळखलं, आणि त्यांच्या डोळ्यांतून पाणी आलं. मुलगा म्हणाला, ऑफिस बंद केलं, कोणाकोणाला कळवायचं ते आम्हांला समजलं नाही. माझी फाइल त्यांनी माळ्यावरून काढून दिली.

मुरबाडला निशिगंधाताई म्हणून नवीन वकील आहेत, वयाने कुणालीपेक्षा थोड्या मोठ्या. त्या म्हणाल्या, कारण खरं आहे, दवाखान्याचे कागद आहेत, वकिलांच्या आजारपणाचा दाखला मिळेल, मुदतीत अर्ज करू. समोरचे हरकत घेतील. म्हणतील, बाई आधीच्या तारखांनाही नव्हती, हिला अपील चालवायचंच नाही. पण तुमचं तीस तारखेचं पत्र अर्जाला जोडलं तर त्यांना बोलायला जागा राहणार नाही, असं ताईंचं म्हणणं आहे.

ते पत्र वाचून मी दोन दिवस जेवले नाही. त्या बाकड्यावर मी एकोणीस दिवस होते. त्यातल्या एका दिवशी दहा मिनिटांवर तुम्ही बसला होतात आणि माझं नाव ऐकत होतात. हे मला कोणत्या रकान्यात ठेवावं ते कळत नाही.

तरी तुम्हांला विचारल्याशिवाय मी ते पत्र लावणार नाही. नक्कल सुयोगला जाईल. तो ते वाचेल, आणि तुम्हांला त्याच्याच घरात राहायचं आहे. मला अंधारात ठेवून माझ्याकडून एकदा सही घेतली होती. तसं मला कोणाशी करायचं नाही. अर्ज बुधवारी, अकरा तारखेला दाखल होणार आहे. त्याआधी हो किंवा नाही कळवा. कळवलं नाहीत तर मी पत्राशिवाय जाईन.

आणखी एक विचारायचं आहे. जीपमध्ये तुम्ही माझ्या शेजारी होतात. मी तुम्हांलाच विचारलं होतं, बाय, हे कशाचं आहे? तुम्ही म्हणालात, वारसाचं. महादूदादांनी तुम्हांलाही फसवलं, असंच मी बारा वर्षं धरून चालले. शहापूरला साक्षीत मला विचारलं, हे तुम्हांला कोणी सांगितलं? मी दादांचं नाव घेतलं. तुमचं घेतलं नाही. तुमच्यावर बालंट यायला नको म्हणून. दादा म्हणाले, मी असं बोललोच नाही. ते खरंच बोलले नव्हते. तिथेच माझी साक्ष खोटी पडली.

तुम्हांला तेव्हा माहीत होतं का?

मीना


शेणवा,
सोमवार, ९ सप्टेंबर २०२४

मीना,

पोस्टाने पोचणार नाय म्हणून सोमीच्या हाती देते. पाड्यावरची सोमी उद्या मुरबाडला लेकीकडे जाते आहे, ती थेट अंगणवाडीत आणून देईल.

पत्र लाव. दोन्ही लाव. हेही लाव.

होय, मला माहीत होतं.

कुंडलिकच्या दहाव्यालाच ह्यांनी मला सांगितलं होतं. म्हणाले, मीना तरणी आहे, उद्या माहेरी जाईल, नायतर दुसरं घर करेल, आणि भावाचं शेत परक्याच्या हाती पडेल. त्यापेक्षा आत्ताच कागद करून घेऊ, तिला खायला घालायला आपण आहोतच. मी नको म्हणाले नाय. मला ते पटलं होतं, हे खरं. मला सुयोग होता, तुला मुलगी होती. मी तेवढाच हिशोब केला.

जीपमध्ये तुझ्या शेजारी मला मुद्दाम बसवलं होतं. ह्यांनीच सांगितलं, ती घाबरली तर तू तिला समजाव, तुझं ती ऐकते. तू विचारलंस, मी सांगितलं. तुझा हात माझ्या हातात होता तेव्हा. थंड पडला होता.

तू साक्षीत माझं नाव घेतलं नाय, तेव्हा मी समोर बसले होते. मला वाटलं, तू विसरलीस. बरं झालं असंच वाटलं. तू मला वाचवायला गप्प राहिलीस, हे आज तुझ्या कागदावरून कळलं. त्याच्या आधी, दावा लागल्यावर ह्यांनी तुला घरातून जायला सांगितलं तेव्हाही मी चुलीपुढून उठले नव्हते.

काल दीड दिवसाचा गणपती गेला. आरतीला उभी होते, पण हात जोडवत नव्हते.

कमळाबाई


शेणवा,
रविवार, २० ऑक्टोबर २०२४

मीना,

कोर्टाची नोटीस आली. सुयोग घरी होता त्या दिवशी. त्याने ओटीवर बसून सगळं वाचलं, माझी तिन्ही पत्रं. मला वाटलं ओरडेल. ओरडला नाय. कागद नीट घडी करून परत लिफाफ्यात घातले आणि म्हणाला, “आई, बाबांना मेल्यावर चोर ठरवलंस.”

मी म्हटलं, मेल्यावर नाय, जिवंतपणीच बोलायचं होतं, तेवढी हिंमत नव्हती.

त्यानंतर तो माझ्याशी बोलत नाय. सूनबाई हर्षाली ताट आणून ठेवते, तो जेवून उठला की मग. ती पोर दोघांच्या मध्ये चेपली जाते, तिचं वाईट वाटतं. खर्डीचा माणूस नोटीसचं कळल्यावर मागे सरला. त्याचाही सुयोगला माझ्यावर राग. सुयोगने वाशिंदला खोल्या बघून ठेवल्या होत्या, पोरांना तिकडच्या शाळेत घालायचं मनात होतं. त्याच्या जागी बसून बघितलं तर त्याचंही चूक नाय. त्याला आमी लहानपणापासून सांगितलं, शेत आपलं आहे. त्याने ते खरं मानलं.

आमचे वकील घरी आले होते. मला म्हणाले, कमळाबाई, तुमच्या मनावर परिणाम झालाय, मीनाने तुमच्याकडून लिहून घेतलं, असं कोर्टात सांगू. तुमी फक्त तारखेला येऊ नका. सुयोग भिंतीकडे बघत राहिला.

मी येणार आहे. बारा डिसेंबरला. सुयोगच्या गाडीत बसवतील असं वाटत नाय. एसटीने आसनगावला आणि तिथून लोकलने येईन. कधी एकटी गेले नाय, पण विचारत विचारत जाईन.

कुणाली आता कशी आहे? एवढं सांगितलंस तर बरं वाटेल. नाय सांगितलंस तरी समजेन.

कमळाबाई


मुरबाड,
शनिवार, १४ डिसेंबर २०२४

जाऊबाई,

परवा मी तुमच्याशी न बोलता निघून गेले. तुम्ही जिन्यापाशी उभ्या होतात, हातात ती कापडी पिशवी. मला दिसलं. मी दुसऱ्या बाजूने उतरले.

तुमच्या वकिलांनी जेव्हा म्हटलं की ही पत्रं एका म्हाताऱ्या, भ्रमिष्ट बाईकडून लिहवून घेतली आहेत, तेव्हा निशिगंधाताई उठायच्या आधी तुम्ही उठलात. मला वाटलं, तुम्ही पडाल. बाकाच्या पाठीला धरून तुम्ही म्हणालात, “साहेब, पत्रं माझी आहेत. ही कुठे होती ते मला माहीत होतं, आणि मी सांगितलं नाय. तिचं अपील चालायला माझी हरकत नाय.” साहेबांनी विचारलं, कोणी दबाव आणला का? तुम्ही म्हणालात, आणलाय, पण हे न बोलण्यासाठी.

सुयोग तुमच्या पुढच्या बाकावर होता. त्याने मान वळवली नाही. मी त्याची मान बघत होते. कुंडलिकसारखीच आहे मागून.

अपील परत उभं राहिलं. आता सगळं पहिल्यापासून ऐकतील. ताई म्हणतात, हक्कसोडपत्राच्या दिवसाबद्दल तुमचा जबाब घ्यायची परवानगी मागू. तुम्हांला उलटतपासणीला उभं राहावं लागेल, आणि ती तुमच्या मुलाचेच वकील घेतील. विचार करा. नाही म्हणालात तर मी काही बोलणार नाही.

मी थांबले नाही, कारण थांबले असते तर दोनपैकी एक झालं असतं. मी तुमच्या गळ्यात पडले असते, नाहीतर तुम्हांला नको ते बोलले असते. दोन्ही मला नको होतं.

कुणाली चालते फिरते. शिवणाच्या क्लासला परत जाते. बाळाचं नाव ठेवलं नव्हतं, ते तिला लागून राहिलं आहे. तुम्ही विचारलंत हे मी तिला सांगितलं.

मीना


शेणवा,
मंगळवार, १५ एप्रिल २०२५

मीना,

परवापासून ताप होता, आज उतरला, म्हणून लिहायला बसले.

गेल्या आठवड्यात जबाब झाला तेव्हा तू होतीसच. आमच्या वकिलांनी विचारलं, इतकी वर्षं गप्प का बसलात, आज मीनाबाईने काय कबूल केलंय तुम्हांला? मी म्हटलं, काही नाय, ती माझ्याशी बोलतसुद्धा नाय. कोर्टात दोघे तिघे हसले. मला हसण्यासारखं वाटलं नव्हतं.

तुला सांगायचं ते वेगळं. परत येताना आसनगावच्या स्टँडवर एसटीची वाट बघत होते. सुयोगची गाडी येऊन थांबली. त्याने दार उघडलं. मी बसले. घराजवळ आल्यावर गाडी बंद केली आणि विचारलं, “काकीचा हात खरंच तुझ्या हातात होता?” मी हो म्हटलं. तो उतरून गेला.

अजून बोलत नाय. पण दोन दिवस ताप होता तर डॉक्टरला त्यानेच आणलं. निकाल विरोधात गेला तर हायकोर्टात जाईन, असं हर्षालीला म्हणाला. जाईल की नाय ते मला सांगता येत नाय. तू तयारीत राहा.

कमळाबाई


मुरबाड,
बुधवार, ६ ऑगस्ट २०२५

जाऊबाई,

काल निकाल लागला. तुम्ही नव्हतात, आजारी आहात असं हर्षालीने निरोप पाठवला होता, म्हणून मीच कळवते.

अपील मंजूर झालं. हक्कसोडपत्र फसवून घेतलेलं होतं, म्हणून ते रद्द. कुंडलिकचा अर्धा वाटा मला आणि कुणालीला. निकालपत्रात दोन पानं तुमच्या जबाबाबद्दल आहेत. साक्षीदाराला या जबाबाने काही मिळणार नाही, उलट गमवायचंच आहे, म्हणून तो विश्वसनीय वाटतो, असं लिहिलं आहे. ताईंनी मला ते वाचून दाखवलं. मी पुन्हा एकदा वाचायला लावलं.

सुयोग आला होता. निकाल झाल्यावर माझ्यासमोर येऊन उभा राहिला. काकी, एवढंच म्हणाला. मी त्याला सांगितलं, ओढ्याकडे भात तू लावलं आहेस, ते तूच काप. मोजणी त्यानंतर करू. त्याने मान हलवली. हायकोर्टाचं मी विचारलं नाही. गेला तर गेला. तिथल्या तारखा मी स्वतः बघेन, कोणाच्या भरवशावर ठेवणार नाही.

आता तुमचं. मी तुम्हांला माफ केलं, असं लिहायला मी सकाळपासून तीनदा बसले. लिहवत नाही. तुम्ही खरं बोललात म्हणून मला शेत मिळालं, हे मला कळतं. पण तुम्ही खोटं बोललात म्हणून ते गेलं होतं, हेही मला कळतं. एकाने दुसरं पुसलं जात नाही. मी पुष्कळ प्रयत्न केला. कदाचित अजून काही वर्षांनी होईल, कदाचित होणार नाही. खोटं लिहून तुम्हांला बरं वाटायला लावणं आता मला जमायचं नाही.

पुढच्या जूनमध्ये मी माझ्या वाट्याच्या खाचरात पेरीन. इतक्या वर्षांनी हात लावणार आहे, कसं जमेल माहीत नाही. जुलैत आवणीला माणसं लागतील. कुणाली आहे, माझी भावजय येते म्हणाली आहे, सोमीलाही विचारलं आहे. तुमची तब्येत तोवर सुधारली आणि यावंसं वाटलं तर या. पाहुणी म्हणून बांधावर बसायला बोलावत नाही. चिखलात उतरून रोपं लावायला बोलावते आहे. रांग माझ्या शेजारची देईन.

बोलेन की नाही, ते आत्ता सांगत नाही.

औषध वेळेवर घ्या.

मीना